खानेसुमारी आणि बिरादरीचे नाव

दरवर्षी जूनमध्ये पहिलीच्या प्रवेशाचे अर्ज भरताना आमची लेखणी एका रकान्यापाशी अडते. धर्म लिहून होतो, जात विचारली की पालक म्हणतात, "सर, अपने में जात कहाँ? मुसलमान लिखो." आम्हीही वर्षानुवर्षे तेच लिहीत आलो.

या संकोचामागे इतिहास आहे. १९०१ च्या खानेसुमारीत आयुक्त रिस्ले यांनी जातींची नुसती मोजदाद केली नाही, तर समाजातील मानाप्रमाणे त्यांची उतरंडही लावायला घेतली. त्याच वर्षीच्या बंगालच्या अहवालात मुसलमानांच्या अशराफ, अजलाफ, अरजल अशा पायऱ्या नोंदल्या गेल्या. या पायऱ्या आमच्यात नव्हत्याच असे म्हणणे अप्रामाणिकपणाचे होईल. पण सरकारी कागदावर चढल्याने त्यांना वजन आले. मग प्रत्येक मोजणीच्या वेळी अनेक बिरादऱ्यांचे अर्ज जाऊ लागले, की आमचे नाव बदला.

उत्तर हिंदुस्थानात विणकरांना जुलाहा म्हणत आणि त्या शब्दावर टवाळीच्या म्हणी होत्या. त्यांनी मोमीन, म्हणजे ईमानवाला, हे नाव पुढे केले. मदीनेत पैगंबरांना आसरा देणाऱ्या अन्सारांशी नाते सांगून अन्सारी म्हणवून घेतले. कसाई कुरेशी झाले, शिंपी इद्रिसी, न्हावी सलमानी. पिंजाऱ्यांनी मन्सूर हल्लाज या सूफीचे नाव घेतले. हल्लाज म्हणजेच कापूस पिंजणारा! वंशावळ खरी की खोटी, हा वाद इतिहासकारांनी खुशाल घालावा. आम्हाला त्यात इज्जत मागणारा माणूस दिसतो.

१९५१ पासून अनुसूचित जाती-जमाती वगळता कोणाची जात मोजणे बंद झाले. अपमान टळला, पण ओळखही कागदावरून गेली. त्याची किंमत डिसेंबर १९९४ नंतर कळली. महाराष्ट्र शासनाने मुस्लिमांतील मागास व्यावसायिक जातींना ओबीसी सवलती देणारा निर्णय काढला आणि मुले जातीच्या दाखल्यासाठी कचेरीत गेली. तिथे पुरावा हवा १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा. आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला काढावा, तर जातीच्या रकान्यात 'मुसलमान'. ते अक्षर आमच्यासारख्याच कुणा मास्तराचे.

३० एप्रिल २०२५ रोजी केंद्र सरकारने येत्या जनगणनेत जात नोंदवण्याचा निर्णय जाहीर केला. दारोदार जाणाऱ्यांत बरेचसे शिक्षकच असतात. "तुम्ही कसाई ना?" असे विचारणारा माणूस उत्तर आधीच ठरवून आलेला असतो. "आपली बिरादरी कोणत्या नावाने लिहू?" असे विचारले तर नाव ठरवायचा हक्क घरमालकाकडे राहतो. प्रश्न कशासाठी आहे तेही सांगावे. शेजारी उंबऱ्यात उभा असेल तर आवाज खाली आणावा. (वर्गात मुलांना उभे करून जात विचारणारे मास्तर आम्ही पाहिले आहेत. त्या मुलांच्या माना आठवतात.)

यंदा जूनमध्ये एक वडील रकाना आला तसे मागच्या रांगेकडे पाहू लागले. आम्ही अर्ज त्यांच्याकडे फिरवला, पेन दिला. त्यांनी उर्दूत 'मन्सूरी' लिहिले. जरा थांबून त्याखाली, बारीक अक्षरात, 'पिंजारी'.