राजबंद्यांच्या आठवणी
१. मजकुरात आलेला ‘पलीकडचा तुरुंग’ म्हणजे कळव्यासमोर, खाडीच्या ठाणे काठावरच्या किल्ल्यातले मध्यवर्ती कारागृह. पेशव्यांचे कारभारी त्र्यंबकजी डेंगळे १८१६ मध्ये याच किल्ल्यातून निसटले. आणीबाणीत (१९७५–७७) इथे ‘मिसा’ या अंतर्गत सुरक्षा कायद्याखालचे राजबंदी होते. अशांच्या आठवणी कागदावर पुष्कळ उतरल्या, पडद्यावर फार थोड्या. म्हणून आनंद पटवर्धन यांचा ‘जमीर के बंदी’ (१९७८) हा माहितीपट मोलाचा. आणीबाणी उठल्यावरही कोठडीत राहिलेल्यांना त्याने विसरू दिले नाही. पटवर्धन यांच्या आधीच्या, बिहार आंदोलनावरच्या माहितीपटाचे काही चित्रण सुपर-८ वर होते. ते पडद्यावर पाडून १६ मि.मी. कॅमेऱ्याने पुन्हा टिपले. आणीबाणीत त्या माहितीपटाच्या फिल्मचे तुकडे करून ती चोरून परदेशी पोचवली आणि तिथे पुन्हा जोडली. — संपादक