राजपुत्राचे पद काढून घेणारा पटकथाकार

मार्च १९४९. सोव्हिएत सत्तेने अवघ्या काही दिवसांत एस्टोनियातून २० हजारांहून अधिक माणसे मालगाड्यांत कोंबून सायबेरियात धाडली. त्यांत बहुसंख्य स्त्रिया, मुले आणि वृद्ध होते. आर्वो नावाचा १३ वर्षांचा मुलगाही त्या वर्षी कुटुंबासह हद्दपार झाला. तो परतला १९५४ मध्ये.

पुढे त्याने खाण अभियांत्रिकीची पदवी घेतली, आर्वो वाल्टन या नावाने कथा लिहिल्या आणि १९६७ मध्ये पटकथालेखनाचे शिक्षण पूर्ण केले. तेही मॉस्कोच्या सरकारी चित्रपटसंस्थेतून!

१९६९ चा 'वीम्ने रेलीक्विया' (अखेरचा पवित्र अवशेष) हा एस्टोनियाचा सर्वांत लाडका चित्रपट. दिग्दर्शक ग्रिगोरी क्रोमानोव यांचे नाव सर्वत्र घेतले जाते. पटकथाकार वाल्टन यांचे क्वचितच.

चित्रपटाला आधार होता एदुआर्द बॉर्नहोए यांच्या १८९३ च्या कादंबरीचा. काळ सोळाव्या शतकातील युद्धाचा, स्थळ तालिनजवळचा पिरिता मठ. कादंबरीच्या शीर्षकातच नायक गाब्रिएल 'राजपुत्र' आहे. वाल्टन यांनी नेमके तेच पद काढून घेतले. पडद्यावरचा गाब्रिएल कोणाचा धनी नाही, कोणाचा दासही नाही. तो केवळ मुक्त माणूस आहे. मठाची प्रमुख मात्र एका पवित्र अवशेषाच्या मोबदल्यात आपल्या भाचीचे, आग्नेसचे, लग्न ठरवून मोकळी होते.

सेन्सॉरला यात सरंजामशाही आणि चर्चवरची टीका दिसत होती. एस्टोनियन प्रेक्षकाला दुसरेही काही ऐकू येत होते.

ऐकू येणे इथे महत्त्वाचे. गाब्रिएल साकारणारा नट युक्रेनचा, आग्नेस लाटवियाची. त्यांचे संवाद एस्टोनियन कलावंतांच्या आवाजात ध्वनिमुद्रित झाले. चेहरे बाहेरचे, बोली घरची. त्यातील कित्येक वाक्ये लोकांच्या रोजच्या बोलण्यात रुळली. सोव्हिएत संघात या चित्रपटाची सुमारे साडेचार कोटी तिकिटे खपली. एस्टोनियाची लोकसंख्या तेव्हा १४ लाखांहूनही कमी होती.

चित्रपटातील गीते कवी पाउल-एरिक रुम्मो यांची. ऑक्टोबर १९८० मध्ये ४० एस्टोनियन बुद्धिवंतांनी आपल्या भाषेची गळचेपी आणि तरुणांवरील पोलिसी बळजबरी यांविरुद्ध खुले पत्र लिहिले. स्वाक्षऱ्यांत रुम्मो होते, वाल्टनही होते. 'प्रावदा'सह ज्या वृत्तपत्रांना ते पाठवले होते, त्यांनी ते छापले नाही. त्याच्या प्रती हातोहाती फिरत राहिल्या.