शैक्षणिक अर्हता आणि सार्वजनिक नियुक्ती : न्यायालयीन वादांचा ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना

भारतीय संविधानाच्या अनुच्छेद 16 ने सार्वजनिक सेवेत समान संधीची हमी दिली आणि अनुच्छेद 309 ने सेवाप्रवेशाचे नियम करण्याचा मार्ग खुला केला. त्यामुळे पदासाठी विहित केलेली शैक्षणिक अर्हता ही केवळ प्रशासकीय बाब राहिली नाही. ती कायदेशीर हक्काचा विषय बनली. अर्हता कोणी ठरवावी, समकक्षता कोणी तपासावी आणि चुकीची नियुक्ती झाल्यास दाद कोणाची घ्यावी, या तीन प्रश्नांभोवती हे वाद फिरत राहिले. प्रस्तुत लेखात त्यांतील काही महत्त्वाच्या निर्णयांचा परामर्श घेतला आहे.

तज्ज्ञांचे मत आणि न्यायालयाची मर्यादा

मैसूर विद्यापीठ विरुद्ध गोविंद राव (1963) हा या विषयातील पायाभूत निर्णय होय. इंग्रजी विषयाच्या प्रपाठकाची नियुक्ती उच्च न्यायालयाने रद्द केली होती. सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरविला. मूळचे साताऱ्याचे न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी निकालपत्रात अशी भूमिका मांडली की, निवड समितीतील तज्ज्ञांवर दुष्ट हेतूचा आरोप नसेल तर शैक्षणिक बाबींत न्यायालयांनी त्यांच्या मतास सामान्यतः मान द्यावा. विद्यापीठीय स्वायत्ततेला या भूमिकेने बळ मिळाले.

अनुपस्थित उमेदवार

तथापि, तज्ज्ञांचे स्वातंत्र्य म्हणजे जाहिरातीतील अट बाजूस सारण्याची मुभा नव्हे. विजयनगरम येथील निवासी शाळेच्या प्रकरणात (1990) जाहिरातीत द्वितीय श्रेणीची अट होती; निवड झालेल्या उमेदवाराची पदव्युत्तर पदवी मात्र तृतीय श्रेणीची होती. अशा वेळी वाद केवळ नियुक्ती अधिकारी व उमेदवार यांच्यातील राहत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. अट वाचून ज्यांनी अर्जच केला नाही, तेही पीडित पक्ष ठरतात. म्हणून अशी नियुक्ती ही जनतेची फसवणूक होय. न्यायालयात कधीही उपस्थित नसलेल्या उमेदवाराला या निर्णयाने कायद्यात स्थान दिले, हे त्याचे मोठे महत्त्व आहे.

रेखा चतुर्वेदी विरुद्ध राजस्थान विद्यापीठ (1993) या प्रकरणात अर्हता अर्जाच्या अंतिम दिनांकास धारण केलेली असावी, हे तत्त्व अधोरेखित झाले. मात्र दरम्यान अनेक वर्षे लोटल्याने झालेल्या निवडी न्यायालयाने रद्द केल्या नाहीत. तत्त्व एकाच्या बाजूने आणि दिलासा दुसऱ्याला, असा हा प्रसंग होता.

अर्हता ठरविण्याचा अधिकार

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 19 सप्टेंबर 1991 च्या विनियमांनी अधिव्याख्याता पदासाठी पात्रता परीक्षा आवश्यक केली. दिल्ली विद्यापीठ विरुद्ध राज सिंह (1994) या प्रकरणात न्यायालयाने हे विनियम वैध ठरविले. परंतु ते शिफारसवजा असून पालन न केल्यास अनुदान रोखले जाऊ शकते, असा अर्थ लावला. पुढे पी. सुशीला प्रकरणात (2015), पूर्वीच्या सवलतीवर विसंबलेल्या उमेदवारांच्या अपेक्षेपेक्षा व्यापक लोकहित श्रेष्ठ मानून 2009 चे विनियम कायम करण्यात आले.

शालेय स्तरावर देवेश शर्मा प्रकरणात (11 ऑगस्ट 2023) बी.एड. पदवीधारकांना प्राथमिक शिक्षकपदासाठी पात्र ठरविणारी 2018 ची अधिसूचना टिकली नाही. बालकांना शिकविण्याचे विशिष्ट प्रशिक्षण आणि पदवीची श्रेष्ठता या भिन्न गोष्टी होत, हे यातून स्पष्ट झाले. 2024 मधील स्पष्टीकरणाने निकालापूर्वी नियुक्त झालेल्या काही शिक्षकांना संरक्षण मिळाले.

समारोप

उपरोक्त निर्णयांवरून असे दिसून येते की, न्यायालये सेवेतील व्यक्तीबाबत सहानुभूती दाखवितात. पण त्या सहानुभूतीची किंमत बाहेर राहिलेल्या पात्र उमेदवारास मोजावी लागते. यावरचा खरा उपाय निकालात नसून जाहिरातीत आहे. अर्हता, समकक्षता आणि अंतिम दिनांक प्रारंभीच निःसंदिग्धपणे नमूद केले, तर अनेक वाद उद्भवणारच नाहीत. निवड समित्यांवर काम करणाऱ्या प्राध्यापकांवर ही जबाबदारी विशेषत्वाने येते.