जय भीम कॉम्रेड : चौदा वर्षांचा माहितीपट

‘जय भीम कॉम्रेड’ हा आनंद पटवर्धन (जन्म १९५०, मुंबई) यांचा २०११ मध्ये पूर्ण झालेला माहितीपट. मुंबईतील एका पोलीस गोळीबारापासून तो सुरू होतो आणि महाराष्ट्रातील दलित शाहिरीपर्यंत पोहोचतो. त्याची लांबी तीन तासांहून अधिक आहे.

पार्श्वभूमी
११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरातील डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. संतप्त रहिवासी शेजारच्या महामार्गावर उतरले. राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात १० जण मृत्युमुखी पडले. जमाव गॅसचा टँकर पेटवणार होता, असा पोलिसांचा दावा होता. गुंडेवार चौकशी आयोगाने तो मान्य केला नाही. या घटनेने व्यथित झालेले शाहीर विलास घोगरे यांनी काही दिवसांतच आत्महत्या केली.

घोगरे आणि पटवर्धन यांची ओळख जुनी होती. झोपडपट्टीवासीयांच्या बेघर होण्यावरील ‘हमारा शहर’ (१९८५) या पटवर्धनांच्या माहितीपटात घोगरे यांनी गाणे गायले होते. मित्राच्या मृत्यूनंतर पटवर्धनांनी चित्रीकरण सुरू केले. ते सुमारे १४ वर्षे चालले.

मांडणी
वंचितांवरील माहितीपटांत अनेकदा तज्ज्ञ बोलतात आणि ज्यांच्यावर बेतते ते केवळ दिसतात. येथे वस्तीतील माणसे स्वतःच घटना सांगतात, प्रश्न विचारतात आणि गातात. या समाजाला आवाज ‘मिळवून देण्याची’ गरज नव्हती. भीमगीते, जलसे आणि शाहिरीतून तो पिढ्यान्‌पिढ्या घुमत होता. गरज होती ती तो वस्तीबाहेर पोहोचवण्याची आणि जपून ठेवण्याची. दीर्घ काळ चित्रीकरण केल्यामुळे रखडलेला न्याय, पक्षांच्या बदललेल्या युत्या आणि जातीबाबत डाव्या चळवळीत राहिलेल्या उणिवाही त्यात नोंदल्या गेल्या. ‘जय भीम’ आणि ‘कॉम्रेड’ या दोन शब्दांमधला ताण शीर्षकातच आहे. घोगरे यांच्या आयुष्यातही तो होता.

नंतरच्या घडामोडी
माहितीपटाच्या उत्तरार्धात पुण्याच्या कबीर कला मंचाचे तरुण कलावंत दिसतात. २०११ मध्ये नक्षलवादी संबंधांच्या आरोपावरून मंचातील काहींना अटक झाली, तर काही भूमिगत झाले. शीतल साठे आणि सचिन माळी एप्रिल २०१३ मध्ये मुंबईत विधान भवनासमोर स्वतःहून हजर झाले. ही शरणागती नसून सत्याग्रह आहे, अशी त्यांची भूमिका होती. साठे यांना त्याच वर्षी, तर माळी यांना २०१७ मध्ये जामीन मिळाला. मंचाच्या बचावासाठी स्थापन झालेल्या समितीत पटवर्धनही होते.

माहितीपटाला राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला. २०१२ च्या सुरुवातीपासून तो मुंबईतील चाळी आणि वस्त्यांमध्ये उघड्यावर पडदा लावून दाखवला गेला. ज्यांची गाणी त्यात आहेत, तेच लोक त्याचे पहिले प्रेक्षक ठरले.