गळके छत, थकलेले भाडे आणि वॉशिंग्टनचा एक निकाल



या मालिकेत मी बहुधा सीमा, सैन्य आणि लढाया यांवर बोलतो. आजचा विषय वेगळा आहे. आज आपण भाड्याच्या घराविषयी बोलणार आहोत. महाराष्ट्राबाहेर इंदूर, बडोदा, हैदराबाद, बंगळुरू, दिल्ली अशा शहरांत राहणारे अनेक मराठी बांधव भाड्याच्या घरात राहतात. त्यामुळे हा विषय त्यांच्या रोजच्या जगण्याचा आहे.

हा विषय मला सुचला तो एका फोनमुळे. माझ्या पलटणीतील एक निवृत्त हवालदार एका मोठ्या शहरात सुरक्षा रक्षकाचे काम करतात. तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या भाड्याने घेऊन सहकुटुंब राहत होते. एका पावसाळ्यात छताचा गिलावा सळईसकट पलंगावर कोसळला. पाच मिनिटे आधी त्याच पलंगावर त्यांची नात झोपलेली होती. मालक म्हणाले, "बघतो." महिना गेला, काही झाले नाही. हवालदारांनी महापालिकेच्या वॉर्ड कार्यालयात लेखी तक्रार दिली. पुढच्याच महिन्यात मालकांचा निरोप आला, जागा खाली करा.

फोनवर त्यांनी मला दोन प्रश्न विचारले. "साहेब, छत पडलं तरी भाडं पूर्ण द्यायचं का? आणि तक्रार केली म्हणून घर सोडायचं का?"

आयुष्यभर सरकारी क्वार्टरमध्ये राहिल्यामुळे मी या प्रश्नांचा कधी विचारच केला नव्हता. क्वार्टर गळू लागले की आम्ही एमईएसच्या तक्रारवहीत नोंद करायचो. दुरुस्ती उशिरा व्हायची, पण तक्रार केली म्हणून कोणी घराबाहेर काढत नसे. मी वाचायला बसलो. तेव्हा लक्षात आले की नेमके हेच दोन प्रश्न 1960 च्या दशकात अमेरिकेच्या राजधानीत न्यायालयासमोर आले होते.

जुना कायदा काय सांगत होता?

इंग्लंड आणि अमेरिकेतील भाडेकराराचा जुना कायदा शेतीच्या काळात तयार झाला. त्या काळी कूळ जमीन घेत असे. त्या जमिनीवर एखादे साधे घर असे, पण खरी किंमत जमिनीची होती. छप्पर गळाले तर शेतकरी स्वतः चढून दुरुस्त करत असे. म्हणून कायदा म्हणायचा की मालकाने जागेचा ताबा दिला की त्याचे काम संपले. जागा कशी आहे हे घेणाऱ्याने आधी पाहून घ्यावे. मालकाने दुरुस्तीचे वचन दिले आणि मोडले, तरी भाडे चालूच राहणार. दुरुस्तीचे वचन आणि भाड्याचे वचन या दोन स्वतंत्र गोष्टी मानल्या जात.

मग शहरे वाढली. एका इमारतीत शेकडो कुटुंबे राहू लागली. चौथ्या मजल्यावरचा भाडेकरू तळघरातला बॉयलर किंवा भिंतीतली पाण्याची नळी कशी दुरुस्त करणार? लोकांचे राहणे बदलले, पण कायदा शेतातच उभा राहिला.

पहिला प्रश्न: तक्रार केली म्हणून घर सोडायचे का?

1965 मध्ये वॉशिंग्टनमध्ये एका महिलेने महिन्याच्या बोलीवर घर भाड्याने घेतले. घराच्या अवस्थेबद्दल तिने शहराच्या तपासणी खात्याकडे तक्रार केली. निरीक्षक आले. त्यांना स्वच्छता नियमांचे 40 हून अधिक भंग सापडले आणि त्यांनी मालकाला दुरुस्तीचा आदेश दिला. मालकाने त्या महिलेला 30 दिवसांत घर सोडण्याची नोटीस दिली.

जुन्या कायद्याप्रमाणे मालकाला कारण सांगण्याचीही गरज नव्हती. खटला वरच्या न्यायालयात गेला. तो 'एडवर्ड्स विरुद्ध हबीब' या नावाने ओळखला जातो. 1968 मध्ये निकाल लागला. न्यायालय म्हणाले की मालक एरवी कोणत्याही कारणाने किंवा विनाकारणही करार संपवू शकतो, पण सरकारकडे तक्रार केली म्हणून सूड उगवण्यासाठी भाडेकरूला काढू शकत नाही.

यामागचा विचार साधा आहे. निरीक्षक प्रत्येक घरात डोकावू शकत नाही. त्याला खबर भाडेकरूच देतो. खबर देणाऱ्यालाच शिक्षा झाली तर पुढच्या वेळी खबर येणार नाही. सैन्यात काम केलेल्या माणसाला हे वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

दुसरा प्रश्न: छत पडले तरी भाडे पूर्ण द्यायचे का?

वॉशिंग्टनच्या वायव्य भागात, चौदाव्या रस्त्याजवळ, क्लिफ्टन टेरेस नावाचा इमारतींचा समूह होता. हॅरी वॉर्डमन या प्रसिद्ध बांधकाम व्यावसायिकाने तो पहिल्या महायुद्धाच्या सुमारास मध्यमवर्गासाठी बांधला होता. 1960 च्या दशकापर्यंत त्याची रया गेली होती.

एप्रिल 1966 चे भाडे काही भाडेकरूंनी दिले नाही. मालक कंपनीने जागेच्या ताब्यासाठी दावा लावला. भाडेकरूंनी भाडे थकल्याचे मान्य केले. मात्र ते म्हणाले की या इमारतींत शहराच्या गृहनियमांचे सुमारे 1500 भंग झाले आहेत आणि ते आम्ही पुराव्यानिशी दाखवतो. खालच्या न्यायालयाने तो पुरावा पाहण्यासच नकार दिला. भाडे दिले की नाही, एवढाच प्रश्न त्याच्या दृष्टीने होता. वरच्या न्यायालयानेही 1968 मध्ये तेच कायम केले.

त्याच वर्षी एप्रिलमध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली. वॉशिंग्टनमध्ये दंगल उसळली आणि चौदाव्या रस्त्यावरची दुकाने जळाली. खटला त्यानंतर आणखी वर, संघराज्याच्या अपील न्यायालयात गेला. तिथे निकाल लिहिला न्यायाधीश जे. स्केली राईट यांनी. हेच न्यायाधीश 1960 मध्ये न्यू ऑर्लिन्सच्या शाळा काळ्या मुलांसाठी खुल्या करण्याच्या आदेशांमुळे देशभर माहीत झाले होते. 'एडवर्ड्स' खटल्याचा निकालही त्यांचाच.

7 मे 1970 रोजी 'जॅव्हिन्स विरुद्ध फर्स्ट नॅशनल रिॲल्टी' या खटल्याचा निकाल आला. त्यातील मुद्दे असे:

1. शहरातील भाडेकरू जमिनीचा तुकडा घेत नाही. तो उष्णता, उजेड, हवा, चालू नळ, नीट बंद होणारी दारे-खिडक्या आणि स्वच्छता यांसह राहण्याजोगे घर घेतो.

2. म्हणून प्रत्येक भाडेकरारात घर राहण्यायोग्य ठेवण्याची हमी गृहीत आहे. ती कागदावर लिहिलेली नसली तरी आहे. करारात उलटे कलम घालून मालक ती टाळू शकत नाही. हमीची पातळी शहराच्या गृहनियमांवरून ठरेल.

3. भाडे आणि ही हमी एकमेकांवर अवलंबून आहेत. हमी मोडली असेल तर भाडे पूर्ण, अंशतः की अजिबात देणे नाही, हे पुरावा पाहून ठरेल. जेवढे देणे ठरेल तेवढे भाडेकरूने भरले, तर त्याला घराबाहेर काढता येणार नाही.

इथे एक गोष्ट लक्षात घ्या. भाडे थांबवून पैसे खर्च करून टाकण्याची ही परवानगी नव्हती. खटला चालू असताना भाडे न्यायालयात जमा करायला लावण्याचा मार्ग निकालाने मोकळा ठेवला. त्यामुळे मालकाचे पैसे बुडत नाहीत आणि भाडेकरूचा हेतूही स्वच्छ राहतो.

1982 मध्ये राईट यांनी एका प्राध्यापकाला पत्र लिहून मान्य केले की त्या वेळचे वांशिक वातावरण, गरीब काळे भाडेकरू आणि श्रीमंत गोरे मालक हे चित्र त्यांच्या मनाच्या तळाशी होते. टीकाकारांनी याला न्यायाधीशाने केलेला कायदा म्हटले. तो आक्षेप आजही घेतला जातो. पण 1974 मध्ये कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने हेच तत्त्व स्वीकारले आणि पुढे अमेरिकेतील जवळजवळ सर्व राज्यांत ते निकालांनी किंवा कायद्याने लागू झाले.

मग सगळी घरे सुधारली का?

नाही. हक्क मिळाला, पण तो वापरण्यासाठी न्यायालयात उभे राहावे लागते. मालकाकडे वकील असतो. बहुतेक भाडेकरूंकडे नसतो. त्यामुळे अनेक जण तारखेलाच जात नाहीत किंवा समोर आलेल्या तडजोडीवर सही करतात. हे ओळखून न्यूयॉर्क शहराने 2017 मध्ये घर जाण्याच्या खटल्यांत कमी उत्पन्नाच्या भाडेकरूंना वकील पुरवण्याचा कायदा केला. अमेरिकेतील तसे करणारे ते पहिले शहर.

दारूगोळ्याशिवाय दिलेली बंदूक कशी असते, हे सैनिकाला माहीत असते. वकिलाशिवाय दिलेला हक्क तसाच असतो.

आपल्याकडे काय आहे?

आपल्याकडेही हक्क कागदावर आहे, आणि तो अमेरिकेच्या कितीतरी आधीपासून आहे. 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 108 प्रमाणे, जी दुरुस्ती मालकावर बंधनकारक आहे ती सूचना देऊनही त्याने केली नाही, तर भाडेकरू ती करून खर्च भाड्यातून वळता करू शकतो. पण करारात वेगळे लिहिले असेल तर करार चालतो. वॉशिंग्टनच्या निकालाने नेमकी हीच पळवाट बंद केली होती.

महाराष्ट्रात 1947 च्या मुंबई भाडे कायद्याने आणि पुढे 1999 च्या भाडे नियंत्रण कायद्याने घर दुरुस्त ठेवणे ही मालकाची जबाबदारी ठरवली. 1999 च्या कायद्याप्रमाणे भाडेकरू नोटीस देऊन दुरुस्ती करू शकतो, मात्र वर्षभराच्या भाड्याच्या चौथ्या हिश्शापर्यंतच रक्कम कापू शकतो.

आता हिशेब करा. मुंबईच्या जुन्या चाळींची भाडी 1940 च्या पातळीवर गोठवलेली होती. महिना 100 रुपये भाडे धरले, तरी वर्षाचे 1200 आणि चौथा हिस्सा 300 रुपये. त्यात आज जेमतेम एक पोते सिमेंट येईल. वॉशिंग्टनमध्ये भाडे थांबले की मालकाला झळ बसत होती. मुंबईत भाडे थांबले काय आणि मिळाले काय, मालकाला फरक पडत नव्हता. उलट एवढ्या भाड्यात दुरुस्ती परवडत नाही, हे त्याचे म्हणणेही खोटे नव्हते. डिसेंबर 1997 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच मालपे विश्वनाथ आचार्य खटल्यात सांगितले की अशी गोठवलेली भाडी आता वाजवी राहिलेली नाहीत.

म्हणून मुंबईने दुसरी वाट धरली. 1969 च्या कायद्याने उपकर लावून जुन्या इमारतींच्या दुरुस्तीसाठी मंडळ स्थापन झाले. ते पुढे म्हाडाचा भाग बनले. हजारो इमारती त्याच्या यादीत आल्या. काम मोठे होते आणि पैसा नेहमीच अपुरा. 31 ऑगस्ट 2017 रोजी भेंडीबाजार परिसरातील हुसैनी इमारत कोसळली आणि 30 हून अधिक माणसे गेली. जबाबदारी मालक, भाडेकरू आणि सरकार अशा तिघांत वाटली गेली, की छत कोणाचे हे छत पडल्यावरच विचारले जाते.

जून 2021 मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने आदर्श भाडेकरू कायदा मंजूर केला. दुरुस्तीचा खर्च कापण्याची आणि घर राहण्याजोगे नसेल तर 15 दिवसांच्या नोटिशीने ते सोडण्याची किंवा भाडे प्राधिकरणाकडे जाण्याची तरतूद त्यात आहे. पण घरभाडे हा राज्यांचा विषय आहे. राज्याने आपला कायदा केला, तरच तो तिथे लागू होतो.

या इतिहासातून काय घ्यावे?

भाडेकरूच्या सुरक्षेला तीन गोष्टी लागतात. पहिली, भाडे आणि दुरुस्ती यांची कायद्याने घातलेली गाठ. दुसरी, तक्रारदाराला संरक्षण. तिसरी, न्यायालयात बाजू मांडणारा माणूस. यातील एक जरी नसली तरी उरलेल्या दोन लंगड्या पडतात.

जे आज आपल्या हातात आहे ते करावे. तक्रार तोंडी न करता लेखी करा, पोच घ्या, तारखेसह फोटो ठेवा. भाडे मनाने थांबवू नका. ते बँकेतून भरा, म्हणजे थकबाकीचे निमित्त मिळणार नाही. भाडेकरार वाचून सही करा. आणि 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे कोणत्याही महिलेला, तिचे उत्पन्न कितीही असले तरी, मोफत वकील मिळू शकतो, हे लक्षात ठेवा. घराचा करार घरातील महिलेच्या नावावर असेल तर ही मोठी मदत आहे.

आमच्या हवालदारसाहेबांनी ते घर सोडले. माझे वाचन पूर्ण होण्याआधीच त्यांना सोडावे लागले. नवीन घराचा करार त्यांनी पत्नीच्या नावाने केला आणि सही करण्याआधी तो मला वाचून दाखवला. दुरुस्ती कोण करणार, याचे एक कलम आम्ही त्यात घालून घेतले. नात आता त्या घरात झोपते.

पण त्यांच्या जुन्या दोन खोल्यांत आज दुसरे कुटुंब राहत असेल. ते छत अजून तसेच असेल, तर त्याची तक्रार करायची हिंमत त्या कुटुंबाला कोण देणार? याचे उत्तर आपल्या राज्याच्या कायद्यात असले पाहिजे. आपण ज्या राज्यात राहता तिथला भाडे कायदा काय म्हणतो हे जरूर पाहा आणि आपल्या आमदारांना त्याविषयी विचारा.

जय हिंद.