चरित्र : एका शब्दाची पायपीट

तौलनिक साहित्याच्या तासाला एकदा कल्कींच्या 'पोन्नियिन् सेल्वन्' या तमिळ कादंबरीचा विषय निघाला होता. १९५० ते १९५४ या काळात साप्ताहिकातून क्रमशः आलेल्या या कादंबरीला तमिळमध्ये 'सरित्तिर नावल्' म्हणतात, एवढे आम्ही सांगितले आणि पुढे गेलो. तास संपल्यावर एका विद्यार्थिनीने आपली वही दाखविली. तिने कंसात मराठी पर्याय लिहिला होता : 'चरित्रात्मक कादंबरी'. तर्क म्हणून यात काही चूक नव्हती. 'सरित्तिरम्' हे 'चरित्र' या शब्दाचेच तमिळ रूप आहे. मात्र तमिळमध्ये त्याचा अर्थ 'इतिहास' असा होतो. म्हणून योग्य पर्याय 'ऐतिहासिक कादंबरी' हा.

चूक दुरुस्त झाली, पण प्रश्न आमच्यापाशी उरला. मराठीत ज्या शब्दाने एका माणसाचा जीवनवृत्तांत सांगितला जातो, त्याच शब्दाने शेजारचे भाषक समग्र भूतकाळ का सांगतात? आणि आपण तसे करीत नाही, असे आपण म्हणतो ते कितपत खरे आहे? या प्रश्नांचा माग घेताना जे हाती लागले, ते या लेखात मांडले आहे.

शब्दाच्या जन्मापासून आरंभ करणे बरे. 'चर्' म्हणजे चालणे. पाणिनीने या धातूला 'इत्र' प्रत्यय लागतो असे सांगितले आहे आणि तो प्रत्यय साधनवाचक आहे. ज्याने खणायचे ते खनित्र, ज्याने कापायचे ते लवित्र, ज्याने नाव वल्हवायची ते अरित्र. त्याच न्यायाने ज्याने चालायचे ते चरित्र. म्हणजे पाय! ऋग्वेदात हा शब्द याच अर्थाने येतो. विश्पलेचा पाय युद्धात तुटला आणि अश्विनांनी तिला लोखंडी पाय बसविला, या कथेत तुटलेल्या पायाला 'चरित्र' म्हटले आहे. ज्या शब्दाचे पुढे एवढे भव्य ग्रंथ झाले, त्याचा हा आरंभीचा अर्थ इतका साधा आणि शारीर आहे.

पायापासून चालीपर्यंत आणि चालीपासून चालचलणुकीपर्यंतचा प्रवास मराठी वाचकाला समजावून सांगायला नको; आपली 'वागणूक' आणि 'वर्तन' याच वाटेने आली आहेत. जैन परंपरेने या अर्थाला सर्वांत उंच स्थान दिले. सम्यक् दर्शन आणि सम्यक् ज्ञान यांच्याबरोबरचे तिसरे रत्न म्हणजे सम्यक् चारित्र. दुसरीकडे 'चरित' हे भावंड काव्याच्या दालनात गेले. अश्वघोषाचे 'बुद्धचरित', बाणभट्टाचे 'हर्षचरित', भवभूतीचे 'उत्तररामचरित', बिल्हणाचे 'विक्रमांकदेवचरित' ही नावे आमच्या विद्यार्थ्यांना पाठ असतात. यांपैकी बाण आणि बिल्हण यांचे नायक त्यांचे समकालीन आश्रयदाते राजे होते. एका व्यक्तीचे आचरण, त्या व्यक्तीची कथा आणि त्या काळाचा वृत्तांत या तिन्ही गोष्टी तेथे एकाच शब्दात नांदत होत्या. पुढे निरनिराळ्या भाषांनी त्यांतला आपापला वाटा उचलला.

हिंदीने आणि बंगालीने मुख्यतः आचरणाचा व स्वभावाचा वाटा घेतला. हिंदीत 'चरित्र' म्हणजे शील, आणि नाटक-कादंबरीतले पात्रही. जीवनवृत्तासाठी तेथे 'जीवनी' हा वेगळा शब्द रूढ आहे. बंगालीत ईश्वरचंद्र विद्यासागरांनी १८४९ मध्ये 'जीवनचरित' लिहिले, तेव्हा 'चरित'आधी 'जीवन' जोडले. शरच्चंद्रांच्या 'चरित्रहीन' (१९१७) या कादंबरीचे नाव मराठीच्या नियमाने 'चारित्र्यहीन' असायला हवे. मराठीने एका 'य'कारावर शील आणि जीवनवृत्त यांची वाटणी करून टाकली आहे. सर्वांत मनोरंजक उदाहरण बंकिमचंद्रांच्या 'कृष्णचरित्र' (१८८६) या ग्रंथाचे. कृष्ण ही ऐतिहासिक व्यक्ती होती आणि ती आदर्श मानव होती, असा दुहेरी दावा या ग्रंथात आहे. शीर्षकातल्या एकाच शब्दाने दोन्ही दावे पेलले आहेत. त्याचे भाषांतर करताना 'कृष्णाचे चरित्र' म्हणावे की 'कृष्णाचे चारित्र्य', हे मराठी अनुवादकाला ठरवावेच लागेल, आणि काहीही ठरविले तरी अर्धा ग्रंथ हातातून निसटेल.

समुद्रापलीकडे हा शब्द आणखी वेगळ्या घरांत नांदला. जावा, सुमात्रा आणि मलय द्वीपकल्पातील भाषा वेगळ्या कुळातल्या. संस्कृतशी त्यांचे रक्ताचे नाते नाही. तेथे 'चरित'चे 'चेरिता' झाले आणि त्याचा अर्थ झाला 'गोष्ट'. इंडोनेशियात लोककथा ती 'चेरिता राक्यात' आणि लघुकथा ती 'चेरिता पेंदेक', जिचा 'चेरपेन' असा सुटसुटीत संक्षेप साहित्यिक नियतकालिकांत सर्रास वापरतात. आचरण गेले, जीवनवृत्त गेले, निखळ कथन उरले. पश्चिम जावातील सुंदानी भाषेत सोळाव्या शतकाच्या अखेरीचा 'चरिता पराह्यांगन' हा राजांचा वृत्तांत आहे. म्हणजे तेथे एकेकाळी गोष्ट आणि राजवंशाचा इतिहास एकाच शब्दाखाली येत असे. आजच्या मलय व इंडोनेशियन भाषांत इतिहासाला 'सजाराह' म्हणतात. हा शब्द अरबीतून आला आणि त्याचा मूळ अर्थ झाड. वंशवृक्ष, आणि त्यावरून इतिहास. एका भाषेने पायाचा शब्द गोष्टीला दिला आणि झाडाचा शब्द इतिहासाला.

थाई भाषेने मात्र शब्दाची नैतिक बाजू जपली. तेथे 'सुचरित' म्हणजे प्रामाणिक, आणि 'दुश्चरित'च्या पाली रूपापासून आलेला शब्द म्हणजे भ्रष्टाचार. थाई वृत्तपत्रांतला तो नित्याचा शब्द आहे. मनोरुग्णतेसाठीही 'विकल' आणि 'चरित' यांचा समास आहे. इंडोनेशियातला कथालेखक आणि थायलंडमधला भ्रष्टाचाराची बातमी लिहिणारा वार्ताहर एकाच संस्कृत शब्दाची नातवंडे वापरीत असतात, आणि त्यांना एकमेकांचा पत्ता नसतो.

आता दक्षिणेकडे वळू, कारण आमचा मूळ प्रश्न तेथला आहे. तेलुगूत 'चरित्र', कन्नडमध्ये 'चरित्रे', मल्याळममध्ये 'चरित्रम्', तमिळमध्ये 'सरित्तिरम्' : चारही द्राविडी भाषांत इतिहासाला हा शब्द चालतो. कन्नडमध्ये 'इतिहास'ही सोबत आहे. तमिळमध्ये विसाव्या शतकातील शुद्ध तमिळ चळवळीनंतर 'वरलारु' हा देशी शब्द पुढे आला. मल्याळमचे उदाहरण सर्वांत बोलके. तेथे इतिहास म्हणजे 'चरित्रम्', आणि 'इतिहासम्' म्हणजे महाकाव्य, रामायण-महाभारत. ओ. व्ही. विजयन यांच्या १९६९ मधील 'खसाक्किन्टे इतिहासम्' या कादंबरीचे नाव मराठी वाचकाला इतिहासग्रंथासारखे वाटते. लेखकाने स्वतः केलेल्या इंग्रजी अनुवादाच्या नावात मात्र दंतकथा या अर्थाचा शब्द आहे. महाभारताला 'इतिहास' म्हणणारी जुनी परंपरा मल्याळमने शब्दशः सांभाळली. आपण तो शब्द कागदपत्रांच्या अभ्यासाला दिला.

तेलुगूतला या शब्दाचा एक अध्याय तर महाराष्ट्राच्या भूमीशी जोडलेला आहे. कोमर्राजु लक्ष्मणराव (१८७७–१९२३) हे आधुनिक तेलुगू इतिहासलेखनाचे एक प्रवर्तक. त्यांचे शिक्षण नागपूरला झाले, मराठी त्यांना उत्तम येत असे आणि मराठी नियतकालिकांतून त्यांनी लिहिलेही. तेलुगूत त्यांनी 'शिवाजी चरित्रमु' लिहिले. पुढे त्यांच्या पुढाकाराने १९०६ मध्ये स्थापन झालेल्या विज्ञान चंद्रिका मंडळीने १९१० मध्ये चिलुकूरि वीरभद्रराव यांच्या 'आंध्रुल चरित्रमु'चा पहिला भाग प्रसिद्ध केला. दोन्ही शीर्षकांत शब्द एकच. पहिल्यात तो एका पुरुषाचा आहे, दुसऱ्यात एका लोकसमूहाचा. तेलुगू वाचकाला यात कोणताही सांधा जाणवत नाही. मराठीत आपल्याला दोन शब्द लागतील : शिवाजीचे 'चरित्र', आंध्रांचा 'इतिहास'.

याच लक्ष्मणरावांची थोरली बहीण भंडारु अच्चमांबा (१८७४–१९०५). शाळेत जाण्याची संधी त्यांना मिळाली नाही; घरीच, भावाच्या शिक्षणाच्या सोबतीने, त्या लिहू-वाचू लागल्या आणि विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर त्यांनी 'अबला सच्चरित्र रत्नमाला' हा स्त्रियांच्या जीवनवृत्तांचा ग्रंथ सिद्ध केला. या शीर्षकापाशी आम्ही बराच वेळ थांबलो. 'स्त्री' आणि 'चरित्र' हे शब्द जवळ आले की आपल्या परंपरेत काय होते, ते आठवावे. हिंदीत 'त्रियाचरित्र' म्हणजे बाईचे कपट. स्त्रीचे चरित्र देवांनाही कळत नाही अशा आशयाचे सुभाषित अजून विनोद म्हणून ऐकवले जाते. पुरुषाच्या बाबतीत जो शब्द पराक्रम सांगतो, तोच स्त्रीच्या बाबतीत संशय सांगतो. या पार्श्वभूमीवर अच्चमांबांनी 'सत्' हा उपसर्ग लावून तो शब्द परत मिळवला. आणि त्यांच्या भाषेत 'चरित्र' म्हणजे इतिहासही असल्यामुळे, स्त्रियांना जीवनवृत्त देताना त्यांनी इतिहासही दिला. हे मराठीत एका शब्दाने साधले नसते.

मग मराठीचे काय? मराठी गद्याचा आरंभच या शब्दाने होतो. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटांनी चक्रधरांच्या आठवणी जमवून 'लीळाचरित्र' सिद्ध केले. त्यातील स्वामी सतत चालत असतात. गावे, देवळे, वाटा, भेटणारी माणसे यांचीच नोंद सर्वत्र आहे. 'चर्' धातूचा मूळ अर्थ एवढ्या निष्ठेने जपणारे दुसरे चरित्र आमच्या पाहण्यात नाही. पुढे सतराव्या शतकाच्या अखेरीस कृष्णाजी अनंत सभासदाने राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून शिवाजी महाराजांचा वृत्तांत लिहिला, तो तमिळ प्रदेशातील जिंजी येथे. मल्हार रामराव चिटणिसांच्या बखरीचे नाव 'सप्तप्रकरणात्मक चरित्र' असे आहे. आणि तंजावरच्या बृहदीश्वर मंदिराच्या भिंतीवर दुसऱ्या सरफोजी राजांच्या काळात, १८०३ मध्ये, कोरलेला प्रदीर्घ मराठी शिलालेख 'भोसले वंश चरित्र' म्हणून ओळखला जातो. येथे चरित्र एका व्यक्तीचे नाही, वंशाचे आहे. म्हणजे दक्षिणेत घडलेला अर्थविस्तार मराठीलाही परका नव्हता.

वाटणी झाली ती एकोणिसाव्या शतकात. छापील पाठ्यपुस्तके आली, कागदपत्रांचा शोध सुरू झाला. राजवाड्यांनी १८९८ पासून 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' प्रसिद्ध करायला आरंभ केला आणि बखरींची कठोर तपासणी केली. 'इतिहास' हा शब्द पुराव्याशी बांधला गेला. 'चरित्र' व्यक्तीपुरते उरले. विद्येच्या दृष्टीने ही वाटणी उपकारकच झाली, हे आम्ही मान्य करतो. परंतु ती कोशात झाली तेवढी मनात झाली का, याविषयी आम्हांला शंका आहे. वर्गात 'मराठ्यांचा इतिहास' म्हटले की उत्तरपत्रिकांत पाच-सहा थोर पुरुषांची चरित्रे उतरतात. शेतसारा, दुष्काळ, बाजारपेठा, कारागीर यांच्यावर एक परिच्छेद आला तर भाग्य. 'स्वामी' (१९६२) किंवा 'श्रीमान योगी' (१९६८) यांतला प्रसंग विद्यार्थी पुरावा म्हणून देतात आणि त्यात त्यांना काही गैर वाटत नाही. तमिळ भाषक इतिहासाला उघडपणे 'चरित्र' म्हणतो. आपण 'इतिहास' म्हणतो आणि चरित्र वाचतो.

आणि ज्यांना चरित्र नाही, त्यांचे काय? या प्रश्नाचे उत्तर मराठी साहित्याने ग्रंथनामांतून दिले आहे. रमाबाई रानडे यांनी १९१० मध्ये 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' लिहिल्या. लक्ष्मीबाई टिळकांनी 'स्मृतिचित्रे' लिहिली. दोघींनीही 'चरित्र' हा शब्द टाळला. तो आपल्यासाठी फार मोठा आहे असे त्यांना वाटले, की तो आपल्याला पुरेसा नाही असे, ते आता विचारता येणार नाही. दया पवारांच्या 'बलुतं' (१९७८) पासून दलित लेखकांच्या आत्मपर लेखनाची जी लाट आली, तिच्यासाठी समीक्षेने 'आत्मचरित्र' सोडून 'आत्मकथन', 'स्वकथन' हे शब्द स्वीकारले. कारणे बरीच चर्चिली गेली : हे पूर्ण झालेल्या, यशस्वी आयुष्याचे सिंहावलोकन नव्हे, यातला 'मी' एकटा नाही, त्याच्यामागे वस्ती आहे. ही कारणे आम्हांला पटतात. पण मल्याळी किंवा तेलुगू शेजाऱ्याच्या कानांनी ऐकले तर आणखी एक गोष्ट लक्षात येते. वस्तीचे, समूहाचे चरित्र म्हणजेच तर इतिहास. मराठीने 'चरित्र' एकट्या व्यक्तीला देऊन टाकल्यामुळे समूहाच्या आत्मकथेसाठी नवा शब्द शोधावा लागला.

उ. वे. स्वामिनाथ अय्यर यांनी गावोगाव हिंडून ताडपत्रांवरची प्राचीन तमिळ काव्ये मिळविली, संपादिली, छापली. त्यांचे आत्मवृत्त १९४० पासून साप्ताहिकातून येऊ लागले, आणि १९४२ मध्ये ते वारले तेव्हा अपुरेच राहिले. त्याचे नाव 'एन् सरित्तिरम्' : माझे चरित्र, किंवा माझा इतिहास. एका माणसाची पायपीट आणि एका भाषेच्या ग्रंथसंपदेची पुनःप्राप्ती त्यात वेगळी काढता येत नाही, म्हणून दोन्ही भाषांतरे बरोबर आहेत.

त्या विद्यार्थिनीच्या वहीतला पर्याय आम्ही खोडला होता. पुढच्या तासाला तिला तो खोडलेला शब्द शेजारी पुन्हा लिहून ठेवायला सांगितले.