रापण म्हणजे काय? अख्खी वाडी मिळून मासे कशी पकडते?

मालवणजवळच्या तारकर्ली किंवा देवबागला गेला असाल, तर वाळूत दोन रांगांत उभं राहून जाड दोर ओढणारी माणसं कदाचित पाहिली असतील. अनेकजण त्याचं रील काढतात आणि पुढे जातात. ती असते रापण, म्हणजे कोकण किनाऱ्यावरची जुनी सामूहिक मासेमारी. गोव्यात तिलाच रांपण म्हणतात.

रापण कशी लावतात?

दोराचं एक टोक किनाऱ्यावर ठेवून होडी समुद्रात जाते. अर्धगोलात जाळं सोडत ती थोड्या अंतरावर पुन्हा किनाऱ्याला लागते. मग दोन्ही टोकांकडून ओढणं सुरू होतं. ओढता ओढता रांगा एकमेकींजवळ सरकतात आणि मासे मधल्या भागात अडकतात. जाळं ओढायला यंत्र नसतं, सगळं काम हातांचं.

मासे कुणाचे?

एकट्या मालकाचे नाहीत. विक्रीच्या पैशांचे वाटे पडतात. होडी-जाळ्याचा वाटा वेगळा, राबणाऱ्यांचा वेगळा. दोराला हात लावायला आलेल्यालाही कालवणापुरते मासे मिळतात. पुढे बाजारात मासळी विकण्याचं काम बहुतेक बायकांकडे असतं.

पावसाळ्यात काय?

समुद्र खवळलेला असतो, माशांचा विणीचा काळही असतो. म्हणून जून-जुलैमध्ये यांत्रिक नौकांना बंदी असते. रापणीचं जाळंही तेव्हा विश्रांती घेतं. नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ अर्पण करून नव्या हंगामाची सुरुवात मानतात.

मग अडचण काय?

रापण माशांचा पाठलाग करू शकत नाही, मासेच किनाऱ्याजवळ यावे लागतात. ट्रॉलर आणि पर्ससीन नौकांनी तारली-बांगड्याचे थवे आधीच उचलले, तर किनाऱ्यावर तासन्‌तास दोर ओढूनही हाती फार काही लागत नाही. म्हणूनच १९७०च्या दशकात गोव्यातले रांपणकार रस्त्यावर उतरले. गोव्यात १९८० आणि महाराष्ट्रात १९८१ साली सागरी मासेमारी नियमनाचे कायदे झाले. २०१७ मध्ये केंद्राने एलईडी दिवे लावून होणाऱ्या मासेमारीवरही बंदी घातली. तरी पारंपरिक मच्छीमार आणि मोठ्या नौकांमधला वाद मिटलेला नाही.

दुसरी अडचण माणसांची. तरुण मुलं नोकरीला किंवा पर्यटनाच्या धंद्यात जातात. दोर ओढायला पुरेसे हात नसतील, तर रापण लागतच नाही.

पुढच्या वेळी किनाऱ्यावर रापण दिसली, तर फोन खिशात ठेवा. विचारून दोराला हात लावा.